कॅमेरा आहे तोच पुरे, आधी एक जागा धर

वय २२ लिहिलं आहेस म्हणून अरेतुरे करतो. चार वर्षं सह्याद्रीत ट्रेक केलेस, आता साहस आणि पर्यावरणावरच्या माहितीपटांसाठी कॅमेरा चालवायचा आहे; कोर्स कोणता करू आणि कॅमेरा कोणता घेऊ, हा तुझा प्रश्न.

आधी डोंगराचं शिक्षण पुरं कर. उत्तरकाशी, मनाली, दार्जिलिंग इथल्या गिर्यारोहण संस्थांपैकी जिथे प्रवेश मिळेल तिथे बेसिक कोर्स, मग अ‍ॅडव्हान्स. कड्यावर चित्रीकरणाच्या युनिटला सगळ्यात आधी लागतो तो दोर लावणारा, सामान वर पोचवणारा आणि स्वतःचा जीव स्वतः सांभाळणारा माणूस. मला पहिली तीन कामं अशीच मिळाली. कॅमेरा चौथ्या वेळी हातात आला.

अमेरिकन माहितीपटकार डेव्हिड ब्रेशर्स यांचं काम मी पुन्हा पुन्हा पाहतो. मूळचे गिर्यारोहक. १९९६ मध्ये त्यांनी आयमॅक्सचा, म्हणजे अवाढव्य पडद्यासाठीच्या मोठ्या फिल्मचा, कॅमेरा एव्हरेस्टवर नेला. खास हलका करून घेतलेला, तरी रीळ भरल्यावर जवळपास २० किलो, आणि एक रीळ जेमतेम दीड मिनिट चालायचं! म्हणजे माथ्यावर काय टिपायचं ते खालीच ठरवून जायचं. १० मेच्या वादळात इतर तुकड्या वर अडकल्या, तेव्हा त्यांनी चित्रीकरण थांबवलं, साउथ कोलवर, म्हणजे माथ्याखालच्या खिंडीत, साठवलेले आपले ऑक्सिजन सिलिंडर वापरायला दिले आणि बचावकार्याला लागले. सिलिंडर संपले तर आपली मोहीम बुडेल, हे कळत असूनही. माथा गाठला तो २३ मे रोजी. असा निर्णय घेता येणं हा मला या पेशाचा गाभा वाटतो.

पण त्यांचं सगळ्यात मोठं काम मी यानंतरचं मानतो. १९२१ साली ब्रिटिश गिर्यारोहक जॉर्ज मॅलरी यांनी एव्हरेस्टच्या उत्तरेकडच्या रोंगबुक हिमनदीचा फोटो जिथून काढला होता, ती जागा शोधून २००७ मध्ये त्यांनी तीच चौकट पुन्हा टिपली. मधल्या काळात बर्फ सुमारे १०० मीटर खचला होता. दोन्ही फोटो शेजारी ठेवले की निवेदनाची गरजच उरत नाही. आणि तिथवर पोचता आलं ते डोंगर चढता येत होता म्हणून.

तूही आतापासून एक जागा धर. नेहमीच्या वाटेवरचा एखादा कातळसडा, म्हणजे उघड्या खडकाचं पठार, चालेल. मे, ऑगस्ट, नोव्हेंबर. तीच लेन्स, ट्रायपॉडची तीच उंची, तीच दिशा, आणि हे सगळं तारखेसकट वहीत. दरवर्षी.

पैसे घालायचेच तर भक्कम ट्रायपॉड आणि दोन हार्ड डिस्क घे, फुटेजची प्रत कायम दोन ठिकाणी हवी. पावसाळ्यात एसी गाडीतून कॅमेरा थेट दमट हवेत काढू नकोस, काचेवर बाष्प धरतं. माझी एक अख्खी पहाट त्यात गेली. थंडीत बॅटऱ्या जॅकेटच्या आत, अंगाशी ठेव. घर मात्र पहिली काही वर्षं लग्नांच्या आणि कंपन्यांच्या शूटवरच चालेल, हे घरच्यांना आजच सांगून टाक.

आणि पहिली फ्रेम पाऊस सुरू व्हायच्या आत घे. सडा एकदा हिरवा झाला की यंदाचा कोरडा कातळ पुन्हा मिळायचा नाही.