वय ओलांडल्यामुळे सरकारी भरतीचा फॉर्मच भरता येत नाही. वयोमर्यादेला कोर्टात आव्हान देऊन उपयोग होतो का?

तुम्ही लिहिलंय की तुम्ही खुल्या प्रवर्गातले, 38 पूर्ण होऊन तीन महिने झाले. ज्या पदासाठी थांबलात त्याची जाहिरात दोन वर्षं रखडली, आणि आता आली तर जन्मतारीख टाकताच फॉर्म अडतो. 38 ही मर्यादाच घटनाबाह्य आहे म्हणून याचिका टाकता येईल का, असा तुमचा प्रश्न.

टाकता येईल, पण त्या मुद्द्यावर टाकू नका.

मी स्वतः पुण्यात अभ्यासिकेत चार वर्षं काढून पीएसआयसाठी एजबार झालेला माणूस. नंतर एलएलबी केलं आणि छत्रपती संभाजीनगरला सेवाविषयक प्रकरणं चालवणाऱ्या एका वकिलांकडे ज्युनिअर म्हणून राहिलो. फाईल घेऊन रडवेला होऊन येणारा मीही होतो आणि ती फाईल उघडून ‘यात दम नाही’ म्हणणाराही.

घटनेच्या कलम 16(2) मध्ये धर्म, वंश, जात, लिंग, कूळ, जन्मस्थान, निवास या कारणांवरून सरकारी नोकरीत भेदभाव करायला मनाई आहे. या यादीत वय नाही. त्यामुळे वयाची अट फक्त ‘मनमानी आहे का’ एवढ्या एका चाळणीतून जाते, आणि त्या चाळणीची भोकं सरकारच्या बाजूने चांगलीच मोठी आहेत. आपल्याकडे खुल्या प्रवर्गाला पूर्वी 33 होती, 25 एप्रिल 2016 च्या जीआरने ती 38 झाली, मागासवर्गीयांना 43. (पीएसआय, पोलीस शिपाई यांची गणितं वेगळी आणि कडक; तिथे शारीरिक क्षमतेचं कारण पुढे येतं, म्हणून तिथे भांडणं आणखी अवघड.) 38 चूक आणि 39 बरोबर, हे न्यायालयाने कशाच्या आधारावर ठरवायचं? ते ठरवत नाही. हा धोरणाचा विषय म्हणून सोडून देतं.

तारखेचंही तेच. केंद्रीय लोकसेवा आयोगाच्या परीक्षेत वय 1 ऑगस्टला मोजायचं, पूर्वपरीक्षा मात्र त्याच्या आधीच होऊन जायची; ही तारीख मनमानी असल्याचा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला. 1994 मध्ये सुधीर कुमार जयस्वाल प्रकरणात न्यायालयाने तारीख कायम ठेवली. तीन वर्षांनी राजस्थानच्या डॉ. अमी लाल भट प्रकरणातही हेच झालं. कुठेतरी रेघ ओढावीच लागते आणि कुठेही ओढली तरी कोणीतरी काठावर राहणारच, असा एकूण सूर.

काठावर राहणं म्हणजे काय ते बघायचं असेल तर प्रभू दयाल सेस्मा यांचं 1986 चं प्रकरण वाचा. जन्म 2 जानेवारी 1956. नियम असा की 1 जानेवारी 1984 रोजी उमेदवाराची 28 वर्षं पूर्ण झालेली नसावीत. तुम्ही-आम्ही म्हणू, वाढदिवस 2 तारखेला, म्हणजे 1 तारखेला 27 च. न्यायालय म्हणालं, जन्माचा दिवस पूर्ण धरायचा, म्हणजे 28 वं वर्ष 1 जानेवारीला संपलं. उमेदवार बाद. हा निकाल पहिल्यांदा वाचला तेव्हा मी कॅलेंडर घेऊन बोटांवर मोजत बसलो होतो. तेव्हा वाढदिवस ठरवलेल्या तारखेच्या आगेमागे एखाद्या दिवसाने असेल तर जाहिरातीतली भाषा शब्दशः वाचा. ‘पूर्ण झालेले नसावे’ आणि ‘पेक्षा जास्त नसावे’ यांत एका नोकरीचा फरक पडू शकतो.

आता तुमचं खरं दुखणं: जाहिरात उशिरा आली, यात तुमची चूक काय? काहीच नाही. पण कायदा चूक कोणाची हे विचारत नाही, हक्क होता का हे विचारतो. रिक्त पद आहे म्हणून सरकारने ते भरलंच पाहिजे असा हक्क उमेदवाराला सहसा मिळत नाही. कोविडमध्ये शेवटची संधी वाया गेलेल्या केंद्रीय लोकसेवा आयोगाच्या उमेदवारांनी जादा संधी मागितली, तीही फेब्रुवारी 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नाकारली (रचना विरुद्ध भारत सरकार). कोविडपेक्षा मोठं कारण तुम्ही-मी कुठून आणणार?

याच्या उलट उदाहरण दिल्लीचं. तिथल्या न्यायिक सेवेची परीक्षा 2020 आणि 2021 मध्ये झालीच नाही. 2022 च्या देविना शर्मा प्रकरणात, त्या दोन वर्षांत जे पात्र ठरले असते त्यांना एकदाच वयात सवलत मिळाली. पण तिथे उच्च न्यायालय स्वतःच ती द्यायला तयार होतं. त्याच निकालात जिल्हा न्यायाधीशपदासाठी किमान 35 वयाची अट मात्र कायम राहिली. म्हणजे आकडा कोणी हलवला नाही, वाया गेलेली वर्षं तेवढी भरून दिली.

राजस्थानच्या सेवानियमांत तर अशी तरतूदच आहे की ज्या वर्षी भरती झाली नाही त्या वर्षी तुम्ही वयात बसत असाल, तर पुढच्या भरतीत काही वर्षांपर्यंत बसता असंच धरायचं. आपल्याकडे मात्र दर वेळी आंदोलन, निवेदनं, मग एक जीआर. कोविडनंतर 17 डिसेंबर 2021 चा, 1 मार्च 2020 पासून त्या दिवसापर्यंत वय उलटलेल्यांसाठी. पुढे 3 मार्च 2023 चा, 31 डिसेंबर 2023 पर्यंतच्या जाहिरातींना दोन वर्षं सूट देणारा. माझ्या मते भांडायचंच तर राजस्थानसारखा कायमचा नियम करा यासाठी भांडावं. पण ती लढाई मंत्रालयातली, तुमच्या एकट्याच्या याचिकेतली नाही.

मग जिंकतात कोण? सरकारने स्वतःचाच नियम मोडला असेल तर. सवलतीच्या जीआरमध्ये तुम्ही बसता, पण संगणकप्रणालीत तो घातलेलाच नाही. जाहिरातीत एक तारीख, सेवाप्रवेश नियमात दुसरी. अशा वेळी नियम वरचढ. किंवा जाहिरात आल्यावर मध्येच अट बदलली. प्रक्रिया सुरू झाल्यावर निकष बदलता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर 2024 मध्ये तेज प्रकाश पाठक प्रकरणात पुन्हा सांगितलंय, अर्थात मूळ नियमात किंवा जाहिरातीतच तशी मुभा ठेवली नसेल तर. त्याच खात्यात वर्षानुवर्षं रोजंदारीवर काम केलं असेल तर 2006 चा उमादेवी निकाल बघा. नोकरीत कायम करण्याला त्याने चाप लावला हे सगळ्यांना माहीत असतं; पण कर्नाटकच्या विक्रीकर खात्यातल्या रोजंदारीवाल्यांना नियमित भरतीत वयाची अट शिथिल करून स्पर्धेत उतरू द्या, असंही त्यातच म्हटलंय.

तुमच्या प्रश्नात नाही, पण हे वाचणाऱ्या राखीव प्रवर्गातल्यांसाठी: वयाची सवलत घेतली तर खुल्या जागेवर निवड होईल की नाही हे त्या-त्या भरतीच्या नियमांवर ठरतं. दीपा ई. व्ही. प्रकरणात (2017) केंद्राच्या नियमांमुळे ती दारं बंद झाली.

जायचं कुठे? राज्य शासनाच्या पदासाठी आधी मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर. 1997 च्या एल. चंद्रकुमार निकालापासून थेट उच्च न्यायालय गाठता येत नाही, मॅटच्या निकालावर तिथे जायचं. जिल्हा परिषदेचं पद असेल तर मॅट नाही, उच्च न्यायालयच.

आणि सगळ्यात महत्त्वाचं, वेळ. कायद्यात एक वर्षाची मुदत आहे, तिच्या भरवशावर राहू नका. आमच्याकडे एकजण निकाल लागल्यावर आला. मुद्दा चांगला होता, जीआरही त्याच्या बाजूचा. पण त्याने अर्जच केलेला नव्हता, निवडयादी लागलेली, जागा भरलेल्या. साहेबांनी फाईल मिटून त्याला चहा पाजला. मागितला असता तर ‘अंतिम निकालाच्या अधीन राहून तात्पुरता अर्ज स्वीकारा’ असा अंतरिम आदेश मिळण्याची शक्यता होती. या प्रकरणांत अर्धी लढाई त्या एका ओळीची असते.

तेव्हा आज एवढं करा. फॉर्म जिथे अडतो त्या स्क्रीनचा तारखेसह फोटो काढा. शेवटच्या तारखेच्या आत त्या खात्याला ईमेल आणि स्पीड पोस्टाने निवेदन पाठवा, सोबत भरलेला कागदी अर्ज जोडा, पोचपावती जपा. मग त्या पदाचे सेवाप्रवेश नियम, जाहिरात आणि सध्या लागू असलेला सवलतीचा एखादा जीआर असेल तर तो, हे तिन्ही कागद समोर ठेवून तारखा जुळवा. जुळत नसतील तर शेवटच्या तारखेच्या आधी मॅटमध्ये काम करणारा वकील गाठा. तिन्ही कागद एकच बोलत असतील आणि तुम्ही तीन महिन्यांनी बाहेर असाल, तर वकिलाची फी वाचवा.