निलंबन उठलं, ‘मॅट’मधला अर्ज निकाली निघाला, पगाराचं काय?

प्रश्न : मी लातूर जिल्ह्यात तहसील कार्यालयात अव्वल कारकून आहे. १४ महिने निलंबित होतो. दोषारोपपत्र सातव्या महिन्यात मिळालं. ‘मॅट’च्या (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या) औरंगाबाद खंडपीठात निलंबनाविरुद्ध अर्ज केला होता. सुनावणीआधीच मला शेजारच्या तालुक्यात कामावर घेतलं आणि अर्ज निरर्थक झाला म्हणून निकाली काढला. कचेरीत सगळे म्हणतात, केस हरलास, पगार विसर. चौकशी अजून चालू आहे.

उत्तर : कचेरीचं ऐकू नका. तुमचं निलंबन बरोबर की चूक, हे न्यायाधिकरणाने तपासलेलंच नाही. गुणदोषांवर निर्णय झालेला नसला की तो वाद पुढे कायमचा बंद होत नाही. मात्र आदेशाची शेवटची ओळ नीट वाचा. पुन्हा दाद मागायची मुभा तिथे लिहिलेली असेल तर उत्तम. नसेल तर सरकारी बाजू ‘तेव्हाच का नाही मागितलं?’ असं नक्की विचारेल. सादरकर्ता अधिकाऱ्यांनी (‘मॅट’मधल्या सरकारी वकिलांनी) पुनःस्थापनेच्या, म्हणजे कामावर परत घेतल्याच्या, आदेशाची प्रत पुढे केली की असे अर्ज झटपट मिटतात. तुमच्या वकिलांनी त्याच वेळी ‘निलंबनकाळाचा प्रश्न शिल्लक आहे’ एवढं नोंदवून घ्यायला हवं होतं.

आता पुनःस्थापनेचा आदेश काढा. त्यात बहुधा ‘निलंबन कालावधीबाबतचा निर्णय चौकशीअंती घेण्यात येईल’ अशी ओळ असेल. १९८१ च्या महाराष्ट्र नागरी सेवा नियमांतला (पदग्रहण अवधी, निलंबन वगैरेंचा) नियम ७२ वेगळं सांगतो. कामावर परत घेतानाच त्या काळाचा पगार किती आणि तो काळ कर्तव्यकाळ धरायचा की नाही, याचा स्पष्ट आदेश सक्षम प्राधिकाऱ्याने करायचा असतो. चौकशी संपल्यावर तो आदेश फेरतपासायचा, ही तरतूदही त्याच नियमात आहे. पगार कमी द्यायचा असेल तर आधी तुम्हाला नोटीस हवी.

म्हणून जिल्हाधिकाऱ्यांना निवेदन द्या, आवक शिक्क्याची पोच घ्या. त्यात ९ जुलै २०१९ चा शासन निर्णय मांडा. अजयकुमार चौधरी प्रकरणातल्या २०१५ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालावरून तो काढलेला आहे : ९० दिवसांत दोषारोपपत्र दिलं नाही तर निलंबन उठवायचं. तुम्हाला ते सातव्या महिन्यात मिळालं. निदान ९० दिवसांनंतरच्या काळाचा पूर्ण पगार मागायला तुमची बाजू भक्कम आहे. आधीच्या तीन महिन्यांबद्दल मी एवढी खात्री देणार नाही. तिथे चौकशीचा निकाल महत्त्वाचा ठरेल.

उत्तर आलं नाही तर सहा महिने थांबा आणि त्यापुढच्या एका वर्षात ‘मॅट’मध्ये नवा अर्ज (‘मूळ अर्ज’) दाखल करा. नुसती स्मरणपत्रं पाठवत बसाल तर मुदत वाढत नाही. चांगली प्रकरणं इथेच बुडतात.

आणखी एक. निलंबनात पगाराऐवजी मिळणारा निर्वाह भत्ता पहिल्या तीन महिन्यांनंतर त्याच भत्त्याच्या निम्म्या रकमेपर्यंत वाढवता येतो, विलंब तुमच्यामुळे झालेला नसेल तर. तो वाढवला होता का, पावत्या पाहा. नसेल तर त्याच निवेदनात तेही मागा.