वाचकांचे प्रश्न : जेरुसलेमची वेस आणि बदलते धनी

गेल्या अंकात बेळगावच्या किल्ल्यातील १२०४ सालची कमल बस्ती आणि तिच्यापासून हाकेच्या अंतरावरील साफा मशीद यांविषयी लिहिताना, एकाच तटाच्या आत इतक्या राजवटींच्या खुणा पाहिल्या की जेरुसलेमची आठवण होते, असे एक वाक्य मी जाता जाता लिहून गेलो होतो. त्या एका वाक्यावर आलेली पत्रे मूळ लेखावरच्या पत्रांपेक्षा अधिक आहेत. त्यांतील निवडक प्रश्न येथे घेत आहे. दोन-तीन पत्रांत जेरुसलेमची तुलना आपल्या सीमाप्रश्नाशी केली आहे. ती मला पटत नाही, कारण इथला वाद भाषेचा आणि कारभाराचा आहे, तर तिथला मुख्यतः देवस्थानाचा. त्यामुळे त्या वाटेने मी जात नाही.

खानापूर तालुक्यातील एक निवृत्त शिक्षक विचारतात : जेरुसलेमला बंदर नाही, मोठी नदी नाही, खाणी नाहीत, काळी जमीनही नाही. मग हजारो वर्षे राजे त्या डोंगरावर का तुटून पडले?

गुरुजी, आपण मांडलेला भूगोल अगदी बरोबर आहे. हे शहर समुद्रसपाटीपासून सुमारे साडेसातशे मीटरवर, म्हणजे जवळपास आपल्या बेळगावइतक्याच उंचीवर वसलेले आहे, आणि मिसर (इजिप्त) व मेसोपोटेमिया (आजचा इराक) यांना जोडणारा जुना मोठा मार्ग समुद्रकाठच्या सपाटीवरून, या डोंगराला बाजूला ठेवूनच जात असे. पाणी म्हणाल तर गिहोन नावाचा एकच बारमाही झरा, तोही शहराच्या उतारावर खाली. इसवी सनापूर्वी चौदाव्या शतकात इथला अब्दी-हेबा नावाचा मांडलिक मिसरच्या फेरोला मातीच्या पाट्यांवर पत्रे लिहून कुमक मागत होता. त्या पाट्या सापडल्या आहेत. तेव्हा हे एक लहानसे डोंगरी ठाणे होते, त्यापलीकडे काही नाही.

त्याचे महत्त्व वाढले ते देवालयामुळे. इसवी सनापूर्वी १००० च्या सुमारास दावीद राजाने हे ठाणे यबूसी लोकांकडून घेतले आणि त्याचा पुत्र शलमोन याने तेथे मंदिर बांधले, असे बायबल सांगते. पुढे येशूचे क्रूसावरील मरण आणि पुनरुत्थान येथलेच मानले गेले, आणि प्रेषित मुहंमदांचे स्वर्गारोहण येथूनच झाले, अशी मुस्लिम श्रद्धा रूढ झाली. ज्याच्या हाती देवस्थान त्याचा शब्द मोठा, हे आपल्याकडच्या राजांनाही चांगले ठाऊक होते. देवस्थानांना इनामे देताना भक्ती असे तशीच आपल्या गादीला मान्यता मिळवण्याची निकडही असे. जेरुसलेम जिंकणाऱ्याच्या तिजोरीत फारशी भर पडत नसे, परंतु तो कोण आहे हे जगाला कळत असे.

पाण्याविषयी थोडे अधिक सांगतो, कारण वेढ्याचे सारे गणित त्यावरच होते. असीरियाचा राजा सेन्नाखेरिब याच्या स्वारीच्या सुमारास (इ. स. पू. ७०१) हिज्किया राजाने झऱ्याचे पाणी तटाच्या आत आणण्यासाठी डोंगराच्या पोटातून ५३३ मीटर लांबीचा बोगदा खोदविला. खोदणाऱ्यांच्या दोन टोळ्या दोन्ही टोकांनी आत शिरल्या आणि वळणे घेत घेत मध्ये भेटल्या. तीन हात खडक उरला असताना पलीकडच्या माणसाची हाक ऐकू आली, असे बोगद्याच्या भिंतीवरच हिब्रू लेखात कोरलेले होते. हा लेख १८८० मध्ये सापडला, तेव्हा राज्य उस्मानी तुर्कांचे होते. म्हणून तो आज जेरुसलेमात नसून इस्तंबूलच्या संग्रहालयात आहे. पाणी अजूनही त्या बोगद्यातून वाहते.

येळ्ळूरचा गड चढलेल्यांना आणखी एक गोष्ट लगेच समजेल. या शहराच्या पूर्वेला, दक्षिणेला आणि पश्चिमेला दऱ्या आहेत आणि उत्तरेला मात्र जमीन जवळपास सपाट आहे. म्हणून इ. स. ७० मध्ये रोमन सेनापती टायटस उत्तरेकडून आला, १०९९ मध्ये क्रूसेडवाल्यांनी, म्हणजे युरोपातून धर्मयुद्धाला आलेल्या ख्रिस्ती फौजेने, तट फोडला तो उत्तरेचाच, आणि ११८७ मध्ये मिसर व सीरियाचा सुलतान सलाहुद्दीन याने पश्चिमेकडे काही दिवस घालविल्यावर आपली यंत्रे उचलून उत्तरेलाच नेली.

निपाणीची एक महाविद्यालयीन विद्यार्थिनी विचारते : जेरुसलेम ४४ वेळा जिंकले गेले, असे मोबाईलवर वाचले. हे खरे आहे का?

हा आकडा हवेतून आलेला नाही. एका अमेरिकी पुरातत्त्वज्ञाने केलेली ही मोजणी आहे. तिच्यानुसार शहर दोनदा पूर्ण उद्ध्वस्त झाले, २३ वेळा त्याला वेढा पडला, ५२ वेळा त्यावर हल्ला झाला आणि ४४ वेळा ते घेतले किंवा परत घेतले गेले. मात्र अशा मोजणीत घरातली भाऊबंदकी आणि परचक्र एकाच रांगेत बसतात, म्हणून मी आकड्यापेक्षा क्रम लक्षात ठेवायला सांगेन.

इ. स. पू. ५८६ च्या सुमारास बाबिलोनच्या नबुखद्नेस्सरने पहिले मंदिर जाळून लोकांना पकडून नेले. इराणच्या कुरूश राजाने बाबिलोन घेतल्यावर त्यांना परतण्याची मुभा दिली आणि दुसरे मंदिर उभे राहिले. इ. स. पू. ३३२ मध्ये हा प्रदेश सिकंदराकडे गेला, मग त्याच्या सरदारांच्या दोन घराण्यांत खेचाखेच झाली, त्यातून मक्काबी या ज्यू घराण्याच्या बंडाने ज्यूंचे स्वतःचे राज्य आले आणि इ. स. पू. ६३ मध्ये पाँपीने रोमनांचा पाय रोवला. ख्रिस्ती झालेल्या रोमनांनंतर, ६१४ मध्ये शहर इराणच्या सासानी फौजेने घेतले, ६३७-३८ मध्ये ते अरबांकडे आले, आणि पुढे फातिमी, सेल्जुक, क्रूसेडवाले, अय्यूबी, मामलूक, उस्मानी, इंग्रज असे धनी होत गेले. छायाचित्रांत दिसणारे ते ‘प्राचीन’ तट मात्र सोळाव्या शतकात उस्मानी सुलतान सुलेमानने बांधविलेले आहेत. त्या काळात बेळगावात आदिलशाहीचा आसदखान लारी होता, एवढे ध्यानात ठेवले की काळाचा अंदाज येतो.

वडगावातील एक विणकर वाचक विचारतात : राजे बदलले, पण शहरात राहणाऱ्या साध्या माणसाचे काय होत होते?

मला आलेल्या पत्रांत हा प्रश्न सर्वांत चांगला वाटला. उत्तर एकसारखे नाही, आणि शहर कसे घेतले गेले यावर ते पुष्कळ अवलंबून आहे.

१५ जुलै १०९९ रोजी क्रूसेडवाले तट फोडून आत शिरले तेव्हा त्यांनी मुसलमान आणि ज्यू रहिवाशांची सरसकट कत्तल केली, आणि ही गोष्ट त्यांच्याच बखरकारांनी अभिमानाने लिहून ठेवली आहे. मृतांचे त्यांनी दिलेले आकडे फुगविलेले असतील, पण त्यानंतर त्या शहरात मुसलमान वा ज्यू वस्ती राहू दिली गेली नाही, हे निश्चित.

अठ्ठ्याऐंशी वर्षांनी, २ ऑक्टोबर ११८७ रोजी, सलाहुद्दीनने तेच शहर तहाने घेतले. तट फुटू लागल्यावर ख्रिस्ती सरदारांनी बोलणी केली आणि माणशी खंडणी ठरली : पुरुषाला दहा दिनार, बाईला पाच, मुलाला एक किंवा दोन. भरण्यासाठी चाळीस दिवसांची मुदत मिळाली. ज्यांच्याजवळ काहीच नव्हते अशा सुमारे सात हजारांसाठी तीस हजार दिनारांची एकठोक रक्कम भरण्यात आली, तरीही हजारो गरीब उरलेच. सलाहुद्दीनच्या भावाने त्यांतील एक हजार माणसे स्वतःसाठी मागून घेतली आणि तिथल्या तिथे मोकळी केली; सलाहुद्दीनने म्हाताऱ्यांना सोडून दिले; परंतु बाकीचे गुलामीत गेले. त्याच वेळी तेथील मुख्य ख्रिस्ती धर्मगुरू आपले दहा दिनार मोजून, देवालयातील सोन्याचांदीच्या गाड्या भरून, वेशीबाहेर पडले. सलाहुद्दीनच्या माणसांना हे पाहवले नाही, पण ठरलेल्या शब्दाला बाध येईल म्हणून त्याने ते सोने अडविले नाही. कत्तल टळली हे मोठेच झाले, पण सुटका कोणाची झाली हे शेवटी कनवटीच्या पैशावर ठरले, हे आपल्यासारख्या मागावर पोट भरणाऱ्याला वेगळे सांगायला नको.

तिसरी तऱ्हा विरळा. १२२९ मध्ये जर्मन सम्राट फ्रेडरिक दुसरा आणि मिसरचा सुलतान अल-कामिल यांनी तलवार न उपसता दहा वर्षांचा करार केला. शहर ख्रिस्त्यांकडे आणि हरम अल-शरीफचे आवार, म्हणजे जुन्या मंदिराच्या टेकडीवरची मुस्लिमांची पवित्र जागा, मुसलमानांकडे राहिले. दोन्हीकडचे धर्माभिमानी या करारावर सारखेच संतापले. सम्राट तर त्या वेळी पोपने बहिष्कृत केलेला होता. माझ्या मते त्या साऱ्या शतकांतला हाच सर्वांत शहाणा व्यवहार होता, पण त्याच्या बाजूने बोलणारे कोणी उरले नाही, आणि १२४४ मध्ये मूळच्या मध्य आशियातील ख्वारिझमी घोडदळाने शहर लुटले.

चिकोडीजवळच्या गावातील, महसूल खात्यात काम केलेले एक वाचक विचारतात : नवा राजा जुन्याच्या खुणा पुसून टाकीत असे का?

पुष्कळदा प्रयत्न होई. रोमन बादशहा हाड्रियन याने शहराचे नावच बदलून ‘एलिया कापितोलिना’ केले आणि १३२-१३५ मधील ज्यू बंड मोडल्यावर ज्यूंना वेशीच्या आत येण्यास मनाई केली. गंमत अशी की पुढे आलेले अरबही कित्येक वर्षे शहराला ‘इलिया’ म्हणत राहिले. हल्ली त्यांच्याकडे ‘अल-कुद्स’ रूढ आहे, ज्यूंकडे ‘येरुशलायीम’. आपल्या मराठी बायबलात ‘यरुशलेम’ आहे आणि वर्तमानपत्रांत ‘जेरुसलेम’. २०१४ मध्ये बेळगावचे कागदोपत्री बेळगावी झाले तरी आपल्या तोंडी काय राहिले, हे आपण जाणतोच.

परंतु आपल्या खात्याला शोभेल असा नमुना वेगळाच आहे. खडकावरचा सोनेरी घुमट खलीफा अब्द अल-मलिक याने हिजरी ७२, म्हणजे इ. स. ६९१-९२ मध्ये बांधविला आणि आत निळ्या भूमीवर सोनेरी अक्षरांत आपल्या नावाचा लेख बसविला. सुमारे सव्वाशे वर्षांनी, त्याचे घराणे बुडाल्यानंतर, अब्बासी खलीफा अल-मामून याने लेखातले जुने नाव काढवून तेथे आपले घातले. अरुंद जागेत नवे नाव कोंबल्यामुळे अक्षरे दाटीवाटीने बसली आहेत. तारीख मात्र बदलायची राहून गेली. उताऱ्यावर नाव फिरविले आणि फेरफाराची तारीख जुनीच ठेवली, तर तपासनीस काय म्हणेल ते आपण सांगू शकाल; अल-मामूनच्या जन्माआधीची ती तारीख आजही तशीच आहे.

हिंडलग्याचे एक माजी सैनिक विचारतात : जेरुसलेम आपल्या मराठा पलटणीने जिंकले, असे आजोबा सांगत. खरे काय?

आजोबांच्या आठवणीत दोन घटना एकत्र झाल्या असाव्यात. जेरुसलेम तुर्कांनी ८ डिसेंबर १९१७ च्या रात्री सोडले. दुसऱ्या दिवशी सकाळी शहराचे महापौर पांढरे कापड घेऊन शरणागतीचे पत्र द्यायला निघाले, तेव्हा त्यांना पहिल्यांदा भेटले ते पाण्याच्या शोधात भटकलेले इंग्रजी पलटणीचे दोन आचारी, असे सांगतात. त्यांनी शहर स्वीकारण्यास नकार दिला! ११ तारखेला जनरल ॲलनबी घोड्यावरून उतरून, पायी, याफा वेशीतून आत गेला. भारतीय घोडदळाचा गाजलेला पराक्रम हैफा बंदराचा आहे : २३ सप्टेंबर १९१८ रोजी जोधपूर आणि म्हैसूर संस्थानांच्या लान्सर्सनी ते घेतले. आपल्या मराठा रेजिमेंटच्या पूर्वीच्या पलटणींपैकी एक त्या १९१८ च्या पॅलेस्टाईन मोहिमेत होती, तेव्हा आजोबांचे बोलणे अगदीच निराधार नाही.

बेळगाव कॅम्पातील एक वाचक विचारतात : आज तेथे ताबा कोणाचा?

१९४८ च्या युद्धानंतर शहर दुभंगले. पश्चिम भाग इस्रायलकडे आणि तटाआतले जुने शहर जॉर्डनकडे गेले. जून १९६७ मध्ये इस्रायलने जुने शहरही घेतले, आणि १९८० मध्ये अखंड जेरुसलेम आपली राजधानी असल्याचा कायदा केला. संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेने तो मान्य केला नाही, आणि पॅलेस्टिनी लोक पूर्व जेरुसलेमला आपली राजधानी मानतात. हरमच्या आवाराचा धार्मिक कारभार जॉर्डनच्या वक्फकडे आहे, तर बंदोबस्त इस्रायली पोलिसांकडे.

तटाच्या आतली जागा एक चौरस किलोमीटरसुद्धा नाही, आणि तीत दगडादगडाची वहिवाट ठरलेली आहे. येशूच्या कबरीचे मानले जाणारे देवालय सहा ख्रिस्ती पंथांमध्ये वाटलेले आहे. १८५३ च्या उस्मानी फर्मानाने ‘आहे तसे राहू द्या’ असे ठरविल्यामुळे दर्शनी भिंतीवरच्या खिडकीखाली कोणीतरी ठेवलेली एक लाकडी शिडीसुद्धा हलवायची झाली तर सर्वांची संमती लागते. पंथांचा एकमेकांवर भरवसा नसल्याने दाराची किल्ली शतकानुशतके एका मुस्लिम घराण्याकडे असते आणि दार उघडण्याचा मान दुसऱ्या मुस्लिम घराण्याकडे. रोज पहाटे आतला साधू दारातल्या लहान झरोक्यातून एक शिडी बाहेर सरकवतो, दार उघडण्याचा मानकरी तिच्यावर चढून वरचे कुलूप काढतो, आणि शिडी पुन्हा आत जाते.