पाढे पाठ, पण कोड्यात अडतो

"मॅडम, वीसपर्यंत पाढे पाठ आहेत त्याले. पण कोडं आलं का तोंड शिवून बसते. डोक्यानं कमी तर नाही न?" कुरखेडा तालुक्यातल्या एका आईचा हा प्रश्न. मुलगा चौथीत. (ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.) हीच काळजी घेऊन बरेच पालक येतात, आणि बहुतेक वेळा डोक्याचा काही दोष नसतो.

वही उघडली. 'माझ्यात 3 दशक आणि 14 एकक आहेत, तर मी कोण?' उत्तर लिहिलं होतं 314. त्यावर लाल फुली, खाली 'लक्ष दे'. लक्ष तर होतंच की! दिसले ते अंक त्यानं ओळीनं मांडले होते. दशकाच्या घरातले 3 म्हणजे तीस सुटे, हे त्याच्या हाताखालून कधी गेलंच नव्हतं.

मी विचारलं, "उन्हाळ्यात तेंदूपत्त्याचे पुडके बांधतोस का रे?" हो म्हणाला. एका पुडक्यात पानं किती? "सत्तर." दोन पुडके सोडले तर? "एकशेचाळीस." पटकन, बोटं न मोजता. गठ्ठा बांधणं-सोडणं पोराला पक्कं येत होतं. शाळेतला दशक हाही दहाचा पुडकाच, एवढंच जुळायचं होतं.

धुऱ्यावरच्या तुरीच्या तुराट्या मोडून काड्या केल्या. दहा-दहाचे तीन गठ्ठे, बाजूला चौदा सुट्या. तो पाहत बसला. मग सुट्यांतल्या दहा उचलून त्यानंच दोरा गुंडाळला. चार गठ्ठे, चार सुट्या. "चव्वेचाळीस!"

दुसऱ्या तऱ्हेचं कोडं थोडं वेगळं असतं: अंकांची बेरीज 9, दशकाचा अंक एककाच्या दुप्पट. मुलं दोन्ही अटी एकदम गिळायला जातात. आधी पहिलीच घ्यायची: 18, 27, 36, 45, 54, 63, 72, 81, 90. मग दुसरी अट लावून खोडत जायचं. 36 वर पुष्कळ जण अडकतात. दुप्पट तिथंही आहे, पण उलट्या बाजूनं. उरतो 63.

घरी रोज एक कोडं पुरे, घड्याळ न लावता. मुलाला स्वतः कोडी रचू द्या आणि तुम्ही उत्तर शोधा. चुकलात तर त्याला भारी मजा येते.

हल्ली मोबाईलवर 'डिसकॅल्क्युलिया' (अंक आणि गणित शिकण्यातली कायमची अडचण) वाचून घाबरलेले पालकही भेटतात. एका कोड्यावरून ते ठरत नाही. मात्र तिसरी-चौथीतलं मूल काही महिने काड्या-गठ्ठ्यांनी सराव करूनही 47 मोठे की 74 हे सांगू शकत नसेल, साधं मोजतानाही गोंधळत असेल, तर तपासणी करून घ्या. डिसकॅल्क्युलिया हा विशिष्ट अध्ययन अक्षमतेचा एक प्रकार, आणि ही अक्षमता 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात येते. जिल्हा रुग्णालयात चौकशी करा आणि जाताना वही सोबत न्या.