मानेसाठी आरएफए (सुईने नस तापवून जाळतात ते) सांगितलंय, पण टेस्ट ब्लॉकचा आराम पाचच तास टिकला. मग नस जाळून उपयोग काय? आणि मान लुळी पडते का?

पाच तास टिकला म्हणजे फसला असं नाही हो, तो तेवढाच टिकायचा होता. ब्लॉकच्या त्या सुईत सांध्याची नस बधिर करायचं औषध असतं, दाढ काढताना देतात त्याच जातीचं, अंमल उतरला की दुखणं हजर. ती ट्रीटमेंट नव्हतीच, टेस्ट होती, आणि हे तुम्हाला आधी कोणी नीट सांगितलं नसेल तर चूक सांगणाऱ्याची. त्या पाच तासांत तुम्ही काय केलंत ते सांगा आधी. इतक्या तावातावाने लिहितेय कारण मी नेमकी तिथेच माती खाल्ली होती.

माझं कमरेचं दुखणं, मानेचं नाही, पण प्रकरण तेच. मणक्याच्या मागच्या बाजूचे फॅसेट जॉइंट आणि त्यांच्या दुखण्याची वर्दी वर पोचवणाऱ्या बारीक नसा. सहा वर्षं काढली. दहा मिनिटं उभं राहिलं की कंबर भरून यायची, मागे वाकलं की कळ, रात्री कूस बदलायची तर आधी पलंगाची कड हाताने धरायची आणि मग अख्खं अंग ओंडक्यासारखं वळवायचं. पायात काही नाही, मुंग्या नाहीत, एमआरआयमध्ये "वयानुसार झीज" एवढी एक ओळ. आणि ती ओळ आमच्या दादाने वाचली.

दादा म्हणजे माझा थोरला भाऊ. पहाटे उठून पाच किलोमीटर चालणारा माणूस, सगळ्या दुखण्यांवर त्याच्याकडे दोनच औषधं, चाला आणि मनावर घेऊ नका. "अगं रिपोर्टमध्ये काही नाही ना, मग दुखतंय काय तुझं?" हे चार माणसांत, हसत हसत, दर भेटीला. फॅसेटचं दुखणं एमआरआयवरून ठरत नाही, सांधा पार झिजलेला असून मजेत फिरणारे असतात आणि रिपोर्ट साफ असून कण्हणारेही असतात, हे तेव्हा मला माहीत असतं तर तिथेच त्याचं तोंड बंद केलं असतं.

तर पहिल्या डॉक्टरांनी ब्लॉक सुचवला तेव्हा मला आराम हवा होता हे खरं, पण त्याहून जास्त मला पुरावा हवा होता. ब्लॉक झाला, घरी आले, उशा लावून जी आडवी झाले ती संध्याकाळपर्यंत. मग दवाखान्यातून फोन, किती टक्के फरक? आता आडवं पडल्यावर माझी कंबर एरवीही फारशी दुखत नाही! पण मी ठोकून दिलं, ऐंशी टक्के. मध्ये एकदा बाथरूमला उठले तेव्हा नेहमीची कळ आली होती, ती मी मोजलीच नाही. त्यांनीही उलटून काही विचारलं नाही, त्या एका फोनवर माझी आरएफए ठरली. झाल्यावर तीन आठवडे कमरेची कातडी उन्हात भाजल्यासारखी, कपडा लागला तरी झणझणायची (हे होतं काही जणांना, घाबरू नका, जातं), आणि ते गेल्यावर खाली माझं जुनं दुखणं होतं तसंच बसलेलं. दादा म्हणाला, "वर्दी देणाऱ्याला जाळून चोर पळतो का?" वाक्य चांगलं होतं म्हणून जास्त झोंबलं.

वर्षभर मी कुठल्याच डॉक्टरची पायरी चढले नाही. नंतर ज्या बाईंकडे गेले त्यांनी पहिलाच प्रश्न विचारला, ब्लॉकनंतर काय काय केलंत? म्हटलं, विश्रांती. त्यांनी पेन खाली ठेवलं आणि माझ्याकडे नुसतं बघितलं.

त्यांची पद्धत अशी. ब्लॉकनंतर घरी जाऊन ज्या ज्या गोष्टींनी दुखतं त्याच करायच्या, आणि दर अर्ध्या तासाला वहीत आकडा लिहायचा, शून्य ते दहा. मी उभ्याने इस्त्री करायला घेतली कारण माझा खरा शत्रू तोच. आधीच्याच सांध्यावर ब्लॉक होता, तिसऱ्या कपड्याला कळ आली, आकडा सातावरून जेमतेम पाचावर. रडायची बाकी होते, पण या वेळी खरं लिहिलं. बाई वही बघून चक्क खूश! म्हणाल्या, चला, हा सांधा सुटला, आता त्याच्या खालचा. दोन आठवड्यांनी खालच्याचा ब्लॉक, पुन्हा इस्त्री. घरातले सगळे कपडे संपले, मग पडदे काढले. वहीत अकरा ते साडेबारा काहीच लिहिलेलं नाही, कारण दीड तास मला कंबर आहे हेच आठवलं नाही. त्यानंतरही त्यांनी तोच ब्लॉक दुसऱ्या औषधाने पुन्हा केला, कारण एका ब्लॉकवर फसगत बऱ्यापैकी होते. लिग्नोकेनचा अंमल लवकर उतरतो, ब्युपिव्हकेनचा उशिरा, आणि कुठल्या दिवशी कुठलं ते मला सांगितलं नव्हतं. आराम त्या त्या औषधाइतकाच टिकला तर पेशंटवर विश्वास ठेवायचा. मला राग नाही आला, उलट पहिल्यांदा कोणीतरी माझं दुखणं गंभीरपणे तपासतंय असं वाटलं.

प्रत्यक्ष आरएफएचं फार काही नाही. पालथं झोपवतात, मांडीला पॅड चिकटवतात, सी-आर्मवर, म्हणजे चालू एक्स-रेवर, बघत सुया लावतात (एका सांध्याला दोन नसा, म्हणून सुया तुम्ही समजता त्याहून जास्त निघतात). पूर्ण भूल देत नाहीत कारण तुमच्याशी बोलायचं असतं. आधी 50 हर्ट्झचा हलका करंट, नेहमीची जागा हीच का विचारतात, मग 2 हर्ट्झ, त्यात पाठीचा स्नायू फडफडला तर ठीक, पाय उडाला तर सुई चुकीच्या नसेजवळ आहे, हलवतात. मग जागा बधिर करून 80 ते 90 अंश, मिनिट-दीड मिनिट. झालं. तीनेक आठवड्यांनी उतार पडला आणि अकरा महिने टिकला. नंतर नस परत वाढते, ती वाढतेच, म्हणून कायमचं बरं करतो म्हणणाऱ्याकडून उठून यायचं. साधारण सहा महिने ते वर्ष, काहींना जास्त, आणि पुन्हा करता येतं. माझी पुन्हा झालीय.

दादा अजून ऐकतोय कुठे. त्याने 2017 चा हॉलंडचा अभ्यास शोधून पाठवला, फॅसेटचे 251 पेशंट, व्यायाम अधिक आरएफए विरुद्ध नुसता व्यायाम, म्हणण्यासारखा फरक नाही. रात्री दोनपर्यंत जागून वाचला मी तो. निवड कशी केली होती? एक ब्लॉक, निम्मा आराम पडला की पास. म्हणजे ती पहिल्या वेळची मीच की! उलट मी त्याला 1996 चा पाठवला, तो तर तुमच्यासारख्या मानेचाच आहे, गाडीच्या अपघातात हिसका बसलेली माणसं. फक्त 24, पण सलाइनचे खोटे ब्लॉक मध्ये घालून पारखून घेतलेली, आणि त्यातल्या निम्म्यांना सुई लावली पण तापवलीच नाही. जुनं दुखणं निम्म्यापर्यंत परत यायला मधला आकडा 263 दिवस, न तापवलेल्यांचा 8. यावर दादाने अंगठा पाठवला, नुसता अंगठा.

व्यायामाचं मात्र त्याचं चूक नाही, हे त्याला सांगू नका. दुखणं थांबल्यावर मला कळलं की सहा वर्षांत पाठीत ताकदच उरली नाहीये, ते अकरा महिने मी फिजिओकडे गेले नसते तर वाया गेले असते.

तेव्हा तुमचं. त्या पाच तासांत मान वळवून गाडी रिव्हर्स घेतलीत का, स्क्रीनसमोर बसलात का, की माझ्यासारखे लोळलात? लोळला असाल तर दुसरा ब्लॉक मागा, लाजू नका. आणि कळ हातात, बोटांपर्यंत जात असेल, मुंग्या किंवा बधिरपणा असेल तर ते दोन मणक्यांमधल्या गादीचं, दाबल्या गेलेल्या नसेचं असू शकतं, त्याला ही आरएफए नाही. रक्त पातळ व्हायच्या गोळ्या चालू असतील किंवा पेसमेकर असेल तर आधीच सांगा, गोळ्या स्वतःच्या मनाने बंद करू नका.

मान लुळी पडते का ते राहिलंच. सहसा नाही, हाताला जाणाऱ्या नसा वेगळ्या. पण या बारीक नसा मानेच्या आतल्या स्नायूंनाही जातात, तेव्हा दोन्ही बाजू आणि बऱ्याच लेव्हल, म्हणजे वरखालचे बरेच सांधे, एका दिवसात करायचं म्हणत असतील तर का ते विचारा. आणि अगदी वरच्या सांध्याची नस असेल तर डोक्याची मागची बाजू बधिर लागते, काही दिवस चालताना तोल गेल्यासारखं होतं, जिना उतरताना कठडा धरा.