बाहुली दिसणे, बाहुली होणे

चि. सई हिस,

अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझा परवाचा लांबलचक संदेश मी कामावरून परतताना गाडीत वाचला आणि घरी आल्यावर पुन्हा दोनदा वाचला. दोन आठवड्यांच्या सुट्टीसाठी पुण्याला गेलेली मुलगी आंबे, मामेभावंडे आणि उकाडा यांविषयी लिहील असे मला वाटले होते. तू एका शब्दाविषयी लिहिलेस, याचा मला फार आनंद झाला. मावशीच्या केळवणाला तुला नऊवारी नेसवली, तेव्हा आजी म्हणाली, ‘अगदी बाहुली दिसतेस गं!’ त्याच रात्री आजोबा सोसायटीच्या सभेहून आले आणि तिथल्या अध्यक्षांविषयी चिडून म्हणाले, ‘हा माणूस दुसऱ्याच्या हातचं बाहुलं झालाय.’ दुसऱ्या दिवशी मावशीने मेकअप करणाऱ्या बाईंना बजावले, ‘मला शोभेची बाहुली करू नका.’ आणि शुक्रवारी तू आजीबरोबर डोळ्यांच्या दवाखान्यात गेलीस, तर डॉक्टरांनी थेंब घालून सांगितले, ‘बाहुली मोठी होऊ द्या, अर्धा तास डोळे मिटून बसा.’ त्यावर तू विचारतेस, ‘आई, मराठीत बाहुली होणे चांगले की वाईट? आणि आजीच्या डोळ्यात बाहुली कुठून आली?’

याचे उत्तर फोनवर घाईघाईने द्यावे असे मला वाटले नाही, म्हणून हे पत्र. आजोबा ते छापून तुझ्या हाती देतील.

आधी शब्दाकडे नीट पाहा. मराठीत तो तिन्ही लिंगांत चालतो: बाहुला, बाहुली आणि बाहुले. लग्न लावायचे असेल तर बाहुला-बाहुली लागतात आणि खेळायला बाहुली लागते. परंतु आजोबांनी ‘बाहुलं’ म्हटले, तो नपुंसकलिंगी शब्द त्यांच्या तोंडी उगाच आलेला नाही. मराठीत माणसाला नपुंसकलिंगी शब्द लावला की त्यात एक तर फार माया असते किंवा फार तुच्छता असते. आजी तुला ‘लेकरू’ म्हणते आणि ‘माझं बाळ’ म्हणते, ती माया. आजोबांचे ‘बाहुलं’ दुसऱ्या टोकाचे आहे. तुझ्या चारही प्रसंगांत शब्द जवळपास तोच आहे, पण शेजारचे क्रियापद बदलत गेले आहे: आजीने ‘दिसतेस’ म्हटले, आजोबांनी ‘झालाय’ म्हटले, मावशीने ‘करू नका’ म्हटले. माझ्या मते सगळा अर्थ त्या क्रियापदात आहे.

आजी ‘बाहुली’ म्हणते तेव्हा तिच्या डोळ्यांसमोर दुकानातली, पेटीतली बाहुली नसते. तिच्या लहानपणी घरात दोन बाहुल्या होत्या. एक ठकी, म्हणजे लाकडाच्या एकाच ठोकळ्यातून कोरलेली, रंगवलेली, पाय वेगळे न दाखवलेली बाहुली. आणि दुसरी तिच्या आजीने जुन्या लुगड्याच्या चिंध्या भरून शिवलेली. ठकी मी पाहिलेली आहे. तिचे नाक झिजून गेले होते, कपाळावरचा लाल ठिपका अर्धा उरला होता आणि डोक्याच्या मागे, जिथे लहान मुलीचा तळवा येतो, तिथे लाकूड हाताच्या तेलाने गुळगुळीत आणि काळे झाले होते. त्या ठकीला आजी रोज न्हाऊ घालायची, जेवू घालायची, थंडीत फडक्यात गुंडाळून आपल्या पांघरुणात घ्यायची. तेव्हा ‘बाहुली दिसतेस’ हे आजीच्या तोंडचे वाक्य तुझ्या रूपाचे कौतुक तर आहेच; शिवाय ‘तुला न्हाऊ घालावे, तुझे केस विंचरावे, तुला मांडीवर घ्यावे’ असे तिला वाटते आहे आणि तू आता बारा वर्षांची झाल्यामुळे तिला ते करता येत नाही, हेही त्यात आहे.

मावशीला सांग आणि लग्नाच्या खरेदीतून वेळ काढून तुळशीबागेत एकदा फक्त भातुकलीच्या दुकानापाशी थांबून ये. पितळेचा बंब, जाते, पाटा-वरवंटा, चूल, सांडशी, झारा, सोऱ्या, सगळे बोटभर उंचीचे. त्या संसाराची मालकीण म्हणजे बाहुली. सुट्टीत आमच्याकडे बाहुला-बाहुलीचे लग्न लागायचे. मुलाकडचे कोण आणि मुलीकडचे कोण यावरून खरे रुसवे व्हायचे, आणि मोठी माणसे अक्षता टाकायला खरोखर येऊन बसायची.

कौतुकानंतर लगेच आजीने मीठ-मोहऱ्या ओवाळून तुझी दृष्ट काढली, ते पाहून तू गोंधळलीस असे दिसते. फार कौतुक झाले की नजर लागते, अशी तिची समजूत आहे. तुमच्या समोरच्या अर्धवट बांधलेल्या इमारतीवर काळी बाहुली टांगलेली आहे, तीही त्याचसाठी. लोकांची नजर इमारतीला न लागता तिला लागावी, एवढेच तिचे काम. मी स्वतः हे मानत नाही, पण आजीचा हात तुझ्यावरून तीनदा फिरला, तो मला हवा आहे.

त्या दिवशी तुझ्या गळ्यात आजीने घातलेली माळ कुठली, हे तू विचारले नाहीस, पण तीही याच घराण्यातली आहे. तिला पुतळ्यांची माळ म्हणतात. पूर्वी व्हेनिसची सोन्याची नाणी व्यापारातून आपल्याकडे येत, त्यांवर माणसांच्या आकृती असत, म्हणून लोक त्या नाण्याला ‘पुतळी’ म्हणू लागले. पुतळी म्हणजेही बाहुली, लहानशी मूर्ती.

आता आजोबांचे बाहुले. ते कळसूत्री बाहुले आहे. कळ आणि सूत्र, म्हणजे दोरा, यांवर नाचणारे. आपल्याकडे ही कला सिंधुदुर्गात कुडाळजवळच्या पिंगुळी गावातल्या ठाकर समाजाने पिढ्यानपिढ्या सांभाळली आहे, आणि तेथील परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री मिळाली. या दोऱ्यांनी मराठीला पुष्कळ काही दिले. ‘सूत्रे हाती घेणे’, ‘पडद्याआडून सूत्रे हलवणे’ हे तू आजोबांच्या वर्तमानपत्रात रोज वाचू शकशील. अलीकडे वर्तमानपत्रे ‘कठपुतळी’ हा हिंदीतून आलेला शब्द अधिक वापरतात. मला ‘कळसूत्री बाहुले’ अधिक आवडते, कारण त्या शब्दात दोरा दिसतो, आणि दोरा दिसला की तो कुणाच्या बोटाला बांधला आहे हा प्रश्न मनात येतो.

तुम्ही शनिवारवाडा पाहायला जाणार आहात ना? तिथे उभी राहशील तेव्हा सवाई माधवराव आठव. त्यांचे वडील नारायणराव यांचा त्याच वाड्यात ३० ऑगस्ट १७७३ रोजी खून झाला. त्यानंतर १८ एप्रिल १७७४ रोजी पुरंदरावर सवाई माधवरावांचा जन्म झाला आणि अवघ्या चाळीस दिवसांच्या या बाळाला पेशवाईची वस्त्रे मिळाली. कारभाराची सूत्रे आधी बारभाईंच्या आणि पुढे नाना फडणिसांच्या हाती राहिली. नानांनी राज्य सांभाळले, हे खरे आहे, आणि ते कमी महत्त्वाचे नाही. परंतु तो मुलगा मोठा झाला तरी सूत्रे त्याच्या हाती आली नाहीत, आणि १७९५च्या ऑक्टोबरमध्ये, एकविसाव्या वर्षी, वाड्याच्या वरच्या मजल्यावरून खाली पडून त्याचा अंत झाला. चाळीस दिवसांचे बाळ बाहुले असणारच, त्यात कुणाचाही दोष नाही. एकविसाव्या वर्षीही तसेच राहावे लागणे मात्र फार दुःखाचे आहे. आजोबा अध्यक्षांवर चिडले ते याच कारणाने. त्या गृहस्थांना कुणी बांधलेले नाही, तरी ते दुसऱ्याने शिकवलेलेच बोलतात.

पण दोऱ्यावर नाचणे म्हणजे नेहमी हीनपणाच, असे समजू नकोस. पुण्याजवळच्या आळंदीला ज्यांची समाधी आहे त्या ज्ञानेश्वरांनी शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली, ज्ञानेश्वरी पूर्ण केली, तेव्हा शेवटच्या अध्यायात स्वतःविषयी हीच उपमा वापरली. सायखड्याचे बाहुले, म्हणजे कळसूत्री बाहुले, जसे सूत्र हलवणाऱ्याच्या इच्छेने चालते, तसा मला पुढे करून माझा स्वामीच बोलतो आहे, असे ते म्हणतात. स्वामी म्हणजे त्यांचे गुरू आणि थोरले भाऊ निवृत्तिनाथ. इतका मोठा ग्रंथ सांगून झाल्यावर त्याचे श्रेय ते असे दुसऱ्याच्या हाती देतात. अध्यक्षांच्या बाहुल्यात आणि या बाहुल्यात फरक कोणता, याचा मी पुष्कळ विचार केला आहे. ज्ञानेश्वरांनी आपला दोरा कुणाच्या हाती आहे ते स्वतः निवडले आणि सर्वांसमोर त्याचे नाव घेतले. ज्या बाहुल्याचा दोरा लपवावा लागतो, त्याच्याविषयी आजोबांना राग येतो.

मावशीचे वाक्य मला सर्वांत जवळचे आहे, म्हणून त्याविषयी थोडे सविस्तर लिहिते.

तुझ्या बाबांची आणि माझी ओळख होण्याच्या दोन वर्षे आधी मला पाहायला एक मंडळी आली होती. हा ‘पाहण्याचा कार्यक्रम’ तू ऐकून आहेस. कांदेपोहे, चहा आणि थोड्या गप्पा. मला माझ्या काकूंनी साडी नेसवली, गजरा माळला आणि बाहेर जाताना हळूच सांगितले, ‘खांदे सैल सोड, थोडं हसू ठेव.’ मी त्या वेळी नोकरी करत होते, मशीनच्या आराखड्यांवर सह्या करत होते. पण बाहेरच्या खोलीत पाहुण्यांनी माझ्याविषयीचा प्रत्येक प्रश्न तुझ्या आजोबांना विचारला. ‘मुलीला स्वयंपाक येतो का?’ ‘मुलगी नोकरी सोडायला तयार आहे का?’ मी त्यांच्यापासून दोन हातांवर बसले होते. माझ्या मांडीवर पदराचे टोक होते आणि त्यातला जरीचा एक धागा सुटला होता. तो मी बोटाला गुंडाळत होते, इतका की बोटाचे टोक पांढरे पडले. तिसऱ्या प्रश्नाला आजोबांनी हातातली बशी खाली ठेवली आणि म्हणाले, ‘ती इथेच बसली आहे. तिलाच विचारा.’

त्यानंतर मी काय उत्तर दिले ते मला आठवत नाही. ते स्थळ जमले नाही आणि त्याचे कुणाला वाईटही वाटले नाही. परंतु बशी ठेवल्याचा तो आवाज मला अजून ऐकू येतो. मी त्या दिवशी बाहुली दिसत होते, आणि त्यात मला काही वावगे वाटले नव्हते, गजरा तर मला फार आवडतो. मला बाहुली केले जात होते, ते वेगळे. साडी आणि गजरा तेच होते. म्हणून मावशीला तू ‘अगं, पण आजीने मला बाहुली म्हटलं ते तर मला आवडलं’ असे सांगितलेस, तेव्हा तुम्ही दोघी एकमेकींच्या विरुद्ध बोलत नव्हता.

राहिला डोळा. तुझ्या शाळेतला जर्मन शब्द इथे आपल्या कामाला येतो. बाहुलीला तुम्ही ‘पुप्पे’ म्हणता आणि डोळ्यातल्या काळ्या गोलाला ‘पुपिले’. दोन्ही लॅटिनमधून आले. ‘पुपिला’ म्हणजे लहानशी बाहुली. सुरवंट कोशात जातो त्याला जर्मनमध्ये ‘फेअरपुपन’ म्हणतात, म्हणजे अक्षरशः बाहुली होणे, कारण कोश हा दुपट्यात गुंडाळलेल्या बाळासारखा, हातपाय न दिसणारा असतो. आपल्या ठकीसारखाच. मराठीत त्या अवस्थेला आपण नुसते कोश म्हणतो. वरून निश्चल दिसणाऱ्या त्या बाहुलीच्या आत पंख तयार होत असतात, हे तू मागच्या वर्षी वर्गात खोक्यात पाहिलेच आहेस.

मराठीत बुबुळाच्या मधल्या छिद्राला बाहुलीच म्हणतात, शाळेच्या विज्ञानाच्या पुस्तकांतही. उजेडात ते आकसून दोन ते चार मिलिमीटर होते, अंधारात आठपर्यंत मोठे होऊ शकते. डॉक्टरांच्या थेंबांनी ते काही तास मोठेच राहते आणि त्यातून आतला पडदा तपासता येतो. म्हणून आजीला नंतर रस्त्यावरचा उजेड सहन होत नव्हता. संस्कृतात या छिद्राला ‘कनीनिका’ म्हणतात, आणि त्या शब्दाचाही अर्थ लहान मुलगी असा होतो. ग्रीकमध्ये ‘कोरे’ म्हणजे मुलगी आणि डोळ्यातली बाहुलीही. इतक्या दूरदूरच्या लोकांना एकच गोष्ट सुचली, कारण सर्वांनी एकच गोष्ट पाहिली होती. ती तूही पाहू शकतेस.

रविवारी लग्नाला पुन्हा नऊवारी नेसशील, तेव्हा हॉलवर निघण्याआधी आजीला खिडकीपाशी खुर्चीत बसव. तिचा चष्मा काढून ठेव, नाहीतर काचेवरचा उजेड मध्ये येईल. तिच्या समोर, अगदी वीतभर अंतरावर, तुझे तोंड ने आणि तिच्या बाहुलीत पाहा. नथ सांभाळ, ती तिच्या गालाला टोचेल.

तुझी,
आई