ध्वनिमीन की सादचोर?

कोल्हापुरातल्याच एका लेखिकेचा प्रश्न आहे. तिच्या कल्पनारम्य कादंबरीतल्या जगात जमिनीखालून एक नदी वाहते आणि त्या नदीत आवाज गिळणारे मासे आहेत. म्हणून त्या काठावर कुणी कुणाला हाक मारत नाही, नावाडी होडीवर वल्ह्याचा ठोका देऊन खुणावतात. माशाला तिने आधी ‘ध्वनिभक्षी मत्स्य’ म्हटलं, मग ‘ध्वनिमीन’ केलं. दोन्ही नावं तिला पुस्तकी वाटतात. मत्स्य, मीन आणि मासा यांतलं काय घ्यावं, आणि अनेकवचन कसं करावं, असं तिने विचारलं आहे.

तुम्हाला खटकतंय ते योग्यच खटकतंय. आधी तीन शब्दांचं बघू. ‘मत्स्य’ संस्कृतातून जसाच्या तसा आला. तोच शब्द प्राकृतात ‘मच्छ’ झाला आणि मराठीत ‘मासा’. हा ‘च्छ’चा ‘स’ होणं आपल्या भाषेचा स्वभावच आहे. वत्स, वच्छ आणि मग वासरू. इक्षु, उच्छु आणि मग ऊस. हिंदीत मछली आणि बछडा राहिले, आपल्याकडे मासळी आणि वासरू. म्हणजे ‘मासा’ हा शब्द दीड-दोन हजार वर्षं लोकांच्या तोंडात घोळून गुळगुळीत झालेला आहे, ‘मत्स्य’ पोथीत राहिला. ‘मीन’ची गोष्ट वेगळी. तो संस्कृतात द्राविडी भाषांतून गेला असं बहुतेक अभ्यासक मानतात. कोल्हापुरातून थोडं दक्षिणेला गेलं की कन्नडमध्ये आजही ‘मीनु’ म्हणजे रोजच्या बोलण्यातला मासा. मराठीत मात्र मीन राशीत, मीनाक्षी या नावात आणि कवितेत उरला. जाळं टाकणारा माणूस ‘आज चार मीन मिळाले’ असं म्हणणार नाही.

पण खरी अडचण या तिघांतून एक निवडण्याची नाहीच. मराठीत माशाच्या नावात ‘मासा’ हा शब्द बहुधा लागतच नाही. तो बांगडा, ती सुरमई, ते पापलेट. तिन्ही लिंगं झाली आणि ‘मासा’ कुठेच नाही. नदीतली नावं घ्या: मरळ, वाम, शिंगटी. मासा कसा दिसतो, काय करतो, हाताला काय लागतं, यावरून पकडणाऱ्यांनी नावं पाडली. शिंगटीच्या काट्याने ज्याचा हात फुटला त्याला नावाचा अर्थ सांगावा लागत नाही. विल्यम सायक्स या इंग्रज अधिकाऱ्याने १८३९ मध्ये दख्खनच्या माशांची वर्णनं केली तेव्हा अशी कितीतरी नावं लोकांकडून उचलून थेट शास्त्रीय नावांत घातली. तोंडावर नाकाच्या जागी खोल खाच असलेला ‘नकटा’ अजून त्याच नावाने जगभर ओळखला जातो, फक्त रोमन स्पेलिंगमुळे त्याचा ‘नुक्टा’ झाला.

आणि तुमच्यासाठी याहून मोलाचं उदाहरण आपल्या पंचगंगेतच आहे. १९५२ साली मत्स्यशास्त्रज्ञ कुलकर्णी यांनी इथल्या एका लहान माशाचं शास्त्रीय वर्णन केलं. त्याची सवय अशी की तो दुसऱ्या माशांच्या अंगावरचे खवले ओरबाडून खातो. त्याचं नाव खवलचोर. शास्त्रीय नावातही ‘खवलचोर’ हाच शब्द आहे. मला हे नाव फार आवडतं. ‘शल्कभक्षी’ म्हटलं असतं तर माहिती कळली असती, पण ‘चोर’ म्हटल्याबरोबर त्या माशाचा स्वभाव आणि त्याच्यावरचा माणसांचा थोडा राग दोन्ही आले. पक्ष्यांत टकाचोर आहे, त्याच घडणीचा.

म्हणून माझं सुचवणं: सादचोर. ‘हाक’ घेऊन नाव करू नका. ‘हाकामारी’ म्हटलं की आपल्याकडे रात्री दारात येऊन नाव घेणारी आठवते आणि वाचकाचं मन तिकडेच ओढलं जातं. ‘साद’ स्वच्छ आहे. साद घालतात, सादेला पडसाद येतो, आणि तुमच्या नदीवर तोच येत नाही.

‘ध्वनिमीन’ टाकून देऊ नका. तुमच्या जगात देऊळ असेल, पोथ्या असतील, तर तिथे तो ध्वनिमीनच असू द्या. पुराणात मत्स्यावतार आणि कालवणात मासा, अशी दोन नावं आपणही सांभाळतोच. पुजारी एक शब्द वापरतो आणि नावाडी दुसरा, एवढ्यानेच त्या माशाचं त्या जगातलं स्थान वाचकाला कळेल, वेगळी माहिती द्यावी लागणार नाही. नावाड्याच्या तोंडी ‘प्रजाती’ मात्र नको, तो ‘जात’ म्हणेल.

व्याकरण सोपं आहे. सादचोर पुल्लिंगी, अनेकवचनातही सादचोरच: एक सादचोर, दहा सादचोर, सादचोराने, सादचोरांना. मादी असली तरी नाव बदलत नाही, सुरमईतला नर सुरमईच राहतो तसं. तुमच्या मजकुरात एके ठिकाणी ‘माश्यांचा राजा’ आहे, ते तेवढं बदला. मासा या शब्दाचं सामान्यरूप ‘माशा’, म्हणून ‘माशांचा’. ‘माश्यांचा’ हे माशी या शब्दाचं रूप आहे. आणि पाण्यात असतो तो मासा, बाजारात टोपलीत येते ती मासळी. सादचोर कुणी खात नसतील तर त्या काठावर ‘मासळी’ हा शब्द त्यांच्यासाठी वापरला जाणारच नाही, हेही ध्यानात ठेवा.

एक गोष्ट तुम्ही विचारली नाही, तरी सांगतो. मासा भाषेत मुरला की म्हणींत येतो. पाण्यात राहून माशाशी वैर करू नये, माशाच्या पिलाला पोहायला शिकवावं लागत नाही, असं आपण नदी न बघताही बोलतो. तुमच्या काठावरची आई वाट बघून थकल्यावर काय म्हणेल? ‘पोराला निरोप धाडून महिना झाला, सादचोरानं गिळला जणू.’ असं एखादं वाक्य नदीपासून दूर, डोंगरातल्या गावात, मासा कधीच न पाहिलेल्या बाईच्या तोंडी घाला. पंचगंगेच्या पाच नद्यांत कासारी, कुंभी, तुळशी आणि भोगावती डोळ्यांना दिसतात, पाचवी सरस्वती गुप्त मानतात, तरी प्रयाग चिखलीच्या संगमावर तिचं नाव रोज घेतलं जातं. तुमची नदीही जमिनीखालचीच आहे.